चिनी महालापाशी वीस मिनिटं

सिल्लोडच्या शाळेची पोरं आहेत आज, त्र्याहत्तर,
दोन सर, एक बाई आणि शिट्टी.
मी नेहमीसारखा: दरवाजाचे खिळे, इथं हत्ती डोकं आपटायचा
(थांबायचं, पोरं हसतात),
हत्ती तळं, चांद मिनार,
मग चिनी महाल.
मागून एक बारकं विचारतं,
"काका, हा चीनवाल्यांनी बांधला का?"

पंचवीस वर्षं उत्तर तयार आहे.
नाही रे बाळा, भिंतीला चिनी मातीच्या फरशा होत्या,
म्हणून नाव. चला पुढं.

पण मागच्या दिवाळीनंतर मी खरंच जाऊन आलोय.
भाच्याचं जालन्यात बियाण्याचं दुकान,
कपाशीचं टार्गेट पुरं झालं, कंपनीची टूर, दोन तिकिटं.
भाचेसून विमानाला भ्यायली, म्हणून मामा.
पाच दिवसांत अडीच हजार वर्षं,
नाष्टा धरून.

तिथं पहिल्यांदा मी झेंड्याच्या मागं चाललो.
पुढं पोरगी, पिवळा झेंडा, कमरेला भोंगा.
नाव तिचं कुणाच्याच जिभेवर बसेना,
म्हणाली, मला लिली म्हणा.
मीही गोऱ्यांना सांगतो,
कडुबा अवघड जाईल, केबी म्हणा.

राजवाड्यात दहा हजाराला एक कमी एवढ्या खोल्या, म्हणाली.
भाच्याच्या कानात म्हणालो, मोजल्या नसणार.
मी तरी किल्ल्याच्या पायऱ्या कुठं मोजल्यात,
साडेसातशे सांगतो ठोकून.

मातीच्या सैनिकांपुढं तिनं एक विनोद केला
आणि अर्धा श्वास थांबली, हशाला जागा ठेवून.
आमचे डीलर मोबाईल वर धरून उभे.
मी हसलो. उशिरा, जरा जास्तच मोठ्यानं.
तिनं वळून पाहिलं.
धंद्यातला माणूस धंद्यातल्याला
टपरीवर ओळखतो, तसा तिथंही ओळखतो.

मग रेशमाचं दुकान, पाऊण तास.
भिंतीला चाळीस मिनिटं.
दुकानाला जास्त का, म्हणून लोक कुरकुरले.
मी गप्प.
आमच्याकडं हिमरू शालीचं दुकान आहे. पाच टक्के.

भिंतीवर सगळे वर पळाले, फोटोला.
माझा गुडघा नको म्हणाला.
ती खालच्या पायरीवर बसली, झेंडा मांडीवर आडवा,
बूट काढून टाच दाबत राहिली.
डावी. माझीपण डावीच.
लोकांकडं तोंड करून, उलटं चालत बोलणाऱ्याची
ती टाच जाते,
डॉक्टरला सांगून कळत नाही.

खिशातली बामची डबी दिली.
तिनं वास घेतला, नाक मुरडलं, लावला.
मग भोंग्याचं बटण बंद करून
डोंगरावरनं गेलेल्या त्या भिंतीकडं बघत
तिच्या भाषेत काहीतरी बोलली, बराच वेळ.
पाठ केलेलं नव्हतं. एवढं मला कळतं.
तेवढंच कळलं.

"काका, सांगा ना, चीनवाल्यांनी?"

नाही रे, म्हणतो मी, आणि पुढचं वाक्य येत नाही.
एक राजा इथं कैदेत होता, बारा-तेरा वर्षं,
हे मी रोज सांगतो. इथंच गेला, हेही.
सकाळी उठून तो कशाकडं बघत असेल,
हे कुणी विचारलं नाही, मी सांगितलं नाही.

वर बघा, म्हणतो. तिकडं, कबुतराच्याही वर.
हात पोचला नाही म्हणून राहिलीय
तळहाताएवढी निळी.

त्र्याहत्तर माना वर.
तेवढ्यात मी चपलेतनं टाच काढून
गार दगडाला लावतो.

बारकं अजून बघतंय.
शिट्टी वाजते,
सर ओरडतात, चला रे, चला,
वेरूळ राहिलंय.